निमताना

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात.
मी चढले. सिव्हिल लाइन्सची, दगडी,
मे महिन्यातही तळव्यांना बरी वाटणारी.
न्यायमूर्तींनी चष्म्यावरून पाहिलं ते कागदाकडे
आणि भलावी वकीलबाईंना एवढंच विचारलं,
पर्यायी उपाय संपले का?

दीड मिनिट.
मी पिशवीतला बंद डबासुद्धा नीट धरला नव्हता.

बाहेर चिंचेखाली त्यांनी समजावलं,
काकू, ही शेवटची पायरी आहे,
खालच्या चढायच्या राहून गेल्या.
म्हणजे म्हणीत जे शहाणे सांगतात
तेच पायरीनंही सांगितलं, फक्त साहेबाच्या भाषेत.

भांडण साडेतीन फुटांचं आहे, लांबी पन्नास.
झोपेत विचारा, एकशे पंचाहत्तर सांगीन.
गिरणी बंद पडली तेव्हा यांच्या हातात जे आलं
त्यात घेतलेला प्लॉट, त्रेचाळीस नंबर,
दिघोरीच्या पुढं, जिथं तेव्हा रात्री कोल्हे ओरडायचे.
तिजारेंनी कंपाउंड घातलं आमच्या खुंटीच्या आत
आणि म्हणाले, वहिनी, नकाशातच तसं आहे.

तर उपाय.
उपाय म्हटलं की मला औषध आठवायचं,
जेवणानंतर, कोमट पाण्यासोबत.
हे उपाय साडेअकरा ते दोन घ्यायचे,
साहेब जागेवर असले तर.
कोर्टापासून भूमी अभिलेखच्या ऑफिसात
चालत पंधरा मिनिटं लागतात.
तिथून परत यायला मला सात वर्षं लागली.

आधी साधी मोजणी.
ती तिजारेंना मान्य नाही म्हणून निमताना.
ती मला मान्य नाही म्हणून सुपर निमताना.
पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं
कोणाच्या मुलीचं नाव असेल.
निमताना, ये गं, बैस, पाणी घेतेस का?

पहिला मोजणीवाला आला तो ऑक्टोबर होता.
भिवगडे, कोवळा पोरगा, मानेला ओला रुमाल.
मी सीताफळ दिलं, त्यानं उभ्याउभ्या खाल्लं
आणि बिया थुंकल्या नेमक्या त्या पट्टीत.
जीभ चावून म्हणाला, सॉरी काकू.
म्हटलं, राहू दे बाप्पा,
ती जागा सध्या कोणाचीच नाही.

मग अपील. मग अपिलावर अपील.
चलनाची पावती, नकलेचा अर्ज, नकलेच्या नकलेचा अर्ज.
बाबू म्हणायचा, मावशी, काहून घाई करून राहिल्या,
तुमचं काम होऊनच राहिलं आहे.
होऊन राहिलं आहे.
इतका लांब वर्तमानकाळ आमच्या नागपुरातच मिळतो.

मधे एकदा आदेश आला, जैसे थे.
जुनं, घरंदाज वाटलं मला ते,
एखाद्या आत्याबाईनं दारातून सांगावं तसं.
कंपाउंड जैसे थे. खुंटी जैसे थे.
तिजारे गेले, फुप्फुसाचं काहीतरी,
आता पोरगा पुण्याहून तारखेला येतो
आणि माझ्यासाठी बाकावर जागा धरून ठेवतो.
माझे गुडघे जैसे थे राहिले नाहीत.
आणि पट्टीतल्या सीताफळाला
आदेशाची प्रत बहुतेक कोणी बजावलीच नाही.
माझ्या खांद्याच्या वर गेलं ते.
यंदा धरलं.

परवा भलावीबाईंचा फोन.
काकू, उपाय संपले सगळे, आता वर जाता येईल.
आवाजात आनंद होता, पोर पास झाल्यासारखा.
मी म्हटलं, बाई, उपाय संपले ते बरं झालं,
मी अजून आहे की नाही तेवढं पाहून सांगते.

तर सोमवारी जायचं.
दोन पिशव्या भरून ठेवल्या आहेत.
एकीत कागद, नंबर घातलेले, दोऱ्यानं बांधलेले.
दुसरीत सीताफळं, काही अजून कच्ची,
गव्हाच्या डब्यात ठेवायला हवी होती.
यातली वरच्या फांदीची तिजारेच्या पोरानं
त्याच्या भिंतीवर चढून काढून दिली.
किती त्यानं ठेवली, किती मला आली,
मोजायचं माझ्या ध्यानातच आलं नाही.